चेकर गाडीत असेपर्यंत

लालबाग,
८ जून २०२५

ती. कालिंदीआत्येस,
मनूचा शि. सा. न. वि. वि.

वि. वि. म्हणजे विनंती विशेष, हे बाबांनी काल सांगितलं. मी इतके दिवस विविध विषय समजत होते, म्हणून पत्रात काय वाट्टेल ते कोंबायचे. आता सवय जाणार नाही. तुझे कान गेल्यापासून फोन बंद, आणि अंगठ्याने टाइप केलेलं तू वाचत नाहीस. त्यामुळे बारावीला दोनदा आपटलेल्या भाचीचं अक्षर तुला भोगावं लागणार.

आपल्या घरात कुत्रा आलाय. थांब, पत्र फाडू नकोस, पूर्ण वाच.

तात्या मागच्या महिन्यात डेपोत ड्युटीला म्हणून निघाले ते भायखळ्याच्या पुलावर सापडले. बाबांनी तुला हे कळवलं नाही, मी कळवतेय. तुझे वडील बेस्टच्या कंडक्टरकीतून रिटायर होऊन किती वर्षं झाली, तरी त्यांची सकाळची गाडी रोज सुटतेच. दिवसभर बाबा कुरिअरवर, आई पोळीभाजी केंद्रात, मी मोबाइलच्या दुकानात. बाबा म्हणाले, आणखी एकदा हरवले तर पनवेलच्या आश्रमात ठेवावं लागेल, तिथे गेट बंद असतं. मी म्हटलं, गेट राणीच्या बागेलाही आहे, जवळ पण पडेल. त्या दिवशी मला कुणी जेवायला वाढलं नाही.

हॉस्पिटलात विसरण्याच्या ओपीडीबाहेर श्रेया मॅडम भेटल्या. त्या डॉक्टर नाहीत. इलेक्ट्रॉनिक वस्तू ज्या मटेरियलच्या बनतात ते मटेरियल बनवतात. त्यांनी दुधावरच्या सायीसारखी पट्टी केलीय, आत सोन्याच्या बारीक रेघा. कातडीला चिकटली की डोक्यात चाललेली वीज वाचते. पूर्वी हेच बघायला जनावराची कवटी उघडून आत तारा घालायचे. आता सायीवर भागतं. म्हातारे कुत्रे आपल्यासारखेच विसरतात, हे मला माहीत नव्हतं, तुलाही नसेल. तर त्यांच्या संस्थेचा प्रयोग असा, की एक विसरणारा कुत्रा आणि एक विसरणारा माणूस एका घरात ठेवायचे, दोघांना पट्ट्या लावायच्या. कोण कसा झोपतो, कशाला घाबरतो, कुत्र्याला माणसाचा जाच होतो का, माणसाला कुत्र्याचा होतो का, हे ऑगस्ट संपेपर्यंत बघायचं.

आपल्याकडचा बीगल जातीचा आहे. आयुष्य औषधांच्या चाचण्यांत गेलं. कानात आतून नंबर गोंदलाय, नाव नाही. जिना त्याने जन्मात पाहिला नव्हता. पहिल्या पायरीवर जो बसला तो बसलाच, मी उचलून तिसऱ्या मजल्यावर आणला. माझी कंबर पण प्रयोगात घ्या म्हणून मॅडमना सांगितलंय.

आशीर्वाद पाठव. शिव्या असतील तर त्याच पाकिटात घाल, वेगळं तिकीट नको.

तुझी,
मनू

&nbsp;

आंबेरवाडी, ता. कुडाळ,
१७ जून २०२५

चि. मनूस अनेक आशीर्वाद. ते पहिल्याच ओळीत देऊन टाकते, खाली उरतील याची खात्री नाही.

ज्या माणसाने अर्ध्या मुंबईला रांगेत उभं केलं, त्याला तुम्ही कुत्र्याच्या रांगेत नेऊन बसवलात? आणि तुझा बाप माझ्यापासून पूल लपवतो? त्याला सांग, बहिणीचे कान गेलेत, डोळे आहेत.

कुत्र्याला माणसाचा त्रास होतो का, हे बघायला तुमच्याकडे शिकलेली बाई येते. माझ्या बापाला पट्टीचा त्रास झाला, त्याने नको म्हटलं, तर काय, हे तिला विचार. उत्तर जसंच्या तसं लिही, गोड करून नको. दुसरं, हे लोक डोक्याचं खोबरेल बंद करायला सांगतील. करायचं नाही. तेल नसलं तर त्यांना झोप लागत नाही, हे मला पट्टीशिवाय कळतं.

पनवेल हा शब्द पुन्हा लिहायचा असेल तर पत्रच लिहू नकोस.

मुक्या जिवाला उपाशी ठेवू नका. त्याचा यात काही दोष नाही.

तुझी रागावलेली,
कालिंदीआत्या

&nbsp;

लालबाग,
५ जुलै २०२५

ती. आत्येस,
शि. सा. न. वि. वि.

मॅडमना तुझा प्रश्न वाचून दाखवला, रागासकट. त्या म्हणाल्या, तात्यांनी पट्टी ओढून काढली की त्या दिवसाचं काम संपलं, परत लावायला कुणी सांगणार नाही. कुत्रा पट्टी बघून लपला तरी तेच. मला वाटलं हे बोलायचं असतं म्हणून बोलतात. पण तात्यांनी दोनदा काढून फेकली, आणि दोन्ही वेळा मॅडम चहा पिऊन खरंच निघून गेल्या. दुसऱ्यांदा तर भर पावसात पार कुठून कुठून आल्या होत्या.

तेलाचं तू बरोबर ओळखलंस. आई रोज सकाळी तात्यांचं डोकं चोपडून काढते, त्यामुळे पट्टी कपाळावरून सरकत सरकत गालावर यायची. एकदा चहात पडली. मॅडमनी तेल बंद करा म्हणून बघितलं, तात्यांनी त्यांना गाडीतून उतरा म्हणून सांगितलं. शेवटी त्यांनीच मटेरियल बदललं. आता ती कानामागे बसते आणि तेलाला दाद देत नाही. लॅबमध्ये तिचं नाव काय ठेवलंय माहीत नाही, मी तिला पॅराशूटवाली म्हणते.

आता नावाचं. तात्यांनी त्याला बघितलं आणि उठून शर्टाचं वरचं बटण लावलं. मला हळूच म्हणाले, चेकर चढलाय. तिकीट तपासायला मधल्या स्टॉपवर चढतो तो. चालणं हळू, मान खाली, प्रत्येकापाशी थांबून हुंगणार, कुणाशी हसणार नाही. नाव फिट झालं.

आणि खरी गोष्ट पुढे आहे. चेकर झोपतो उंबऱ्यावर, आडवा. तात्या सकाळी पिशवी घेऊन ड्युटीला निघतात, दारापर्यंत येतात, खाली बघतात आणि परत खुर्चीत जाऊन बसतात. मी कारण विचारलं. म्हणाले, चेकर गाडीत असताना कंडक्टर उतरत नाही, मेमो मिळतो. दार सताड उघडं असतं आत्या. आई हल्ली कामावरून तासातासाला फोन करत नाही.

चेकरचंही डोकं मध्येच बंद पडतं. कपाट आणि भिंत यांच्या फटीत शिरतो आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहतो. मागे यायचं असतं हे विसरतो. रडत पण नाही, नुसता उभा. मग तात्या उठतात, त्याच्या पोटाखाली हात घालतात आणि मागे घ्या, मागे घ्या, येऊ द्या करत बाहेर काढतात. वर जीभ लावून दोनदा टिंग टिंग. हे त्यांना कुणी सांगावं लागत नाही.

तू रागावलेली असशीलच. जरा कमी करून पाठव.

तुझी,
मनू

&nbsp;

आंबेरवाडी,
१६ जुलै २०२५

चि. मनूस अनेक आशीर्वाद.

पत्र शेजारच्या बकुळेला वाचून दाखवलं. टिंग टिंगला ती इतकी हसली की मला ऐकू आलं.

बकुळेच्या मधूच्या हाती सोलं आणि एक गोधडी पाठवली आहे. गोधडी चेकरची. लादीवर म्हाताऱ्या हाडांचं काय होतं ते मला विचार. त्या बाईंना सोलकढी दे, चहा पिऊन पिऊन पित्त होईल.

माझं नाव घेतात का, हे मी विचारत नाही. तूही आपणहून लिहू नकोस.

तुझं पत्र फार सरळ होतं, म्हणजे काहीतरी शिजतंय. चाळीत कुणाची खोडी काढू नकोस. ही वेळ नाही.

तुम्हा सगळ्यांची,
कालिंदीआत्या

&nbsp;

लालबाग,
१४ ऑगस्ट २०२५

ती. आत्येस,
शि. सा. न. वि. वि.

लोचा झालाय. मी केलाय. सगळा नाही, पाऊण.

चाळीत जो तो विचारायचा, त्या पट्टीला ऐकू येतं का गं? पहिल्यांदा मी नाही म्हटलं. विसाव्यांदा विचारल्यावर हो म्हटलं, दोन मजले लांबचं येतं. मग राखीला काजूकतली आली होती, तिचा वर्ख काढून मी थोडा गॅलरीच्या कठड्याला चिकटवला, थोडा नळाला, थोडा कोंडीरामकाकांच्या दारावर. ते चाळ कमिटीचे सेक्रेटरी, त्यांना मान जास्त म्हणून वर्ख जास्त. सांगितलं, ह्या पण पट्ट्याच आहेत, मॅडमनी टेस्टिंगला लावल्यात. आत्या, चाळ इतकी शांत मी कधी बघितली नाही. सुंदराबाई सुनेबद्दल बोलायला संडासात जायच्या आणि नळ सोडून बोलायच्या. कोंडीरामकाका बायकोला चक्क अहो म्हणाले.

मग कुणीतरी तो वर्ख चाटला आणि माझं भांडं फुटलं.

मला वाटलं हसतील. हसले नाहीत. वर्ख खोटा, पण कुत्र्याच्या डोक्यावरची तरी खरी आहे ना, असं सुरू झालं. त्यात सुंदराबाईंच्या घरी गॅसवर दूध राहिलं, तर विसरण्याची लागण कुत्र्यामुळे होते म्हणे. कमिटीची मीटिंग झाली. बोर्डावर नोटीस लागली, प्रयोगाचे जनावर गणपतीनंतर चाळीत राहणार नाही.

इथेच सगळं अडलंय. प्रयोग या महिन्यात संपतो. चेकर आम्हाला कायमचा मिळू शकतो, मॅडमनाही तेच हवंय. पण संस्थेचा नियम आहे, की जिथे शेजारीपाजारी कुत्र्याला हाकलणार तिथे त्याला द्यायचं नाही, त्याच्याच भल्यासाठी. म्हणून कमिटीचं लेखी 'हरकत नाही' पाहिजे. ती मिळाली नाही तर सप्टेंबरच्या मध्याला गाडी येऊन त्याला शेल्टरमध्ये नेणार. तो उंबऱ्यावरून उठला की तात्या दुसऱ्या दिवशी डेपोत. आणि मग ते गाव, जे तू लिहायचं नाही म्हणालीस. बाबांनी तिथला नंबर शोधून फ्रिजवर लावलाय. मी तो दोनदा फाडला, त्यांनी दोनदा लावला. ओरडत पण नाहीत, त्याचीच भीती वाटते.

मी कुठेही हलू देणार नाही, ना ह्याला ना त्यांना. पण कसं, ते मला कळत नाहीये. काय करू ते लिही.

तुझी,
मनू

&nbsp;

आंबेरवाडी,
२० ऑगस्ट २०२५

चि. मनूस आशीर्वाद.

माफी माग. घरोघरी जाऊन, मान खाली घालून, हसू दाबून. कुत्रा देऊ नकोस. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, त्या कोणी एकत्र करू लागला तर करू देऊ नकोस.

कोंडीराम आपल्याच वाडीतला. मुंबईत आला तेव्हा आपल्या गॅलरीत झोपायचा, आणि तात्या पहाटे त्याच्या अंगावरून पाय टाकून ड्युटीला जायचे. विसरण्याची लागण होत असेल तर ती त्याला तेव्हाच झाली, असं मी समजते.

यंदाही तुम्ही गणपतीला गावी येत नाही हे ठीकच. तात्यांना प्रवास नको. चाळीच्या गणपतीला पुढे बसव त्यांना. चेकरला घेऊन. लपवलेलं माणसं हाकलतात, समोर बसलेल्याला हाकलायला तोंड लागतं.

माझी काळजी नको, तुमची मी करते आहे.

कालिंदीआत्या

&nbsp;

लालबाग,
२९ ऑगस्ट २०२५

ती. आत्येस,
मनूचा शि. सा. न. आणि आज लोटांगण.

माफी सगळ्यांची मागितली. सुंदराबाईंनी लाडू दिला. कोंडीरामकाका म्हणाले, माफी ठीक, पण कुत्रा जाणार. मी म्हटलं माफी तुमची, कुत्रा आमचा.

आता नीट ऐक. चतुर्थीला रात्री आरती झाली, गाऱ्हाण्याची वेळ आली. दरवर्षी तात्या घालतात. यंदा कमिटीने ठरवलं की तात्यांच्या लक्षात राहणार नाही, त्यांच्यातला अभय घालेल. अभय नवी लुंगी नेसून, कागद हातात घेऊन पुढे झाला. तात्या पहिल्या रांगेत खुर्चीवर होते, तू सांगितल्याप्रमाणे. चेकर त्यांच्या पायाशी. अभयने घसा साफ केला, आणि तेवढ्यात तात्या उठले. काठी न घेता. अभयला हाताने बाजूला केलं, जसं दारात लटकणाऱ्याला करायचे. माझी शपथ, मी काही शिकवलं नव्हतं. तू विचारणार म्हणून आधीच सांगते.

हात जोडले आणि तोच आवाज लागला, मागच्या सीटपर्यंत जाणारा. "बा गजानन म्हाराजा, सालाबादप्रमाणे ह्या चाळीतल्या लेकरांनी तुझी सेवा केल्यानी, ती गोड मानून घे रे म्हाराजा." सगळे म्हणाले व्हय म्हाराजा. कोणाचं काय चुकलं तर पोटात घाल. व्हय म्हाराजा. मुलाबाळांना, कामाधंद्याला यश दे. व्हय म्हाराजा. तुला माहीतच आहे, तिसऱ्या चौथ्यापर्यंत शब्द कुणी ऐकत नाही, नुसती लय चालू असते. अर्ध्यांचं लक्ष प्रसादाकडे. कोंडीरामकाकांचे डोळे मिटलेले, आवाज सगळ्यात मोठा.

मग तात्यांनी खाली बघितलं. चेकरच्या डोक्यावर हात ठेवला, पट्टीच्या बाजूला. म्हणाले, "आणि ह्यो आमचो चेकर. म्हातारो झालो. इसारता. मीय इसारतंय. आमका दोघांकय ह्या गाडयेतसून कोण उतरवूक बघत असात, तर तेची बुद्धी फिरव, आणि आमका शेवटच्या स्टॉपापर्यंत जावंदे रे म्हाराजा."

अख्खी चाळ म्हणाली, व्हय म्हाराजा.

कोंडीरामकाकांचे डोळे तेव्हा उघडले. व्हय तोंडातून बाहेर पडलेला होता, तो आत जाईना. तात्या खुर्चीत बसले आणि मला विचारलं, लालबाग आलं का?

मी दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्या दारात जाऊन उभी राहिले. म्हटलं काका, देवापुढे 'हरकत नाही' दिलंत, आता कागदावर द्या. ते म्हणाले, आठवण गेलेल्या माणसाचं गाऱ्हाणं धरत नाहीत. मी म्हटलं, घालणाऱ्याची गेलीय, व्हय म्हणणाऱ्यांची तर नाही ना? का तुम्हाला पण लागण झाली? दार लावून घेतलं त्यांनी. सुंदराबाई गॅलरीतून सगळं ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, मी व्हय म्हटलंय, मी मागे घेणार नाही, मला सून सांभाळायची आहे, उद्या तीही शब्द फिरवेल. चाळ अर्धी अर्धी झालीय. काका अजून सही करत नाहीत, आणि संस्थेची गाडी पंधरा तारखेला येणार.

तुझ्या बापाचा आवाज तुला ऐकू आला असता गं.

मनू

&nbsp;

आंबेरवाडी,
५ सप्टेंबर २०२५

चि. मनूस पोटभर आशीर्वाद.

तुझं पत्र गौरी गेल्या त्या दिवशी मिळालं. संध्याकाळी भजनाची बारी कोंडीरामाच्याच घरी होती, सगळी वाडी आणि मुंबईहून आलेले सगळे चाकरमानी तिथे. भजन संपल्यावर मी उभी राहिले आणि ते पान वाचून दाखवलं. माझा आवाज किती चढतो ते मला कळत नाही, हे एक बरं आहे.

गाऱ्हाण्यापाशी सगळे हात जोडून बसले. शेवटच्या स्टॉपापाशी त्यांनीही व्हय म्हाराजा म्हटलं. म्हणजे आता चाळीने म्हटलं आणि वाडीनेही. मग मी कोंडीरामाच्या थोरल्या भावाला विचारलं, की तुझा धाकटा व्हय म्हणून मागे घेतो आहे, तर त्याच्या वतीने देवळात रवळनाथापुढे कोण उभं राहणार, तू की मी? तो पानसुपारी तशीच ठेवून बाहेर गेला. फोन लावत होता. काय बोलला ते मला ऐकू आलं नाही. बकुळा म्हणते, बरं झालं.

गणपती गेले की मी मुंबईला येते. मधू गाडीत बसवून देईल. तात्यांना बघून किती दिवस झाले. ते काय विसरले आणि काय नाही, ते आता मी येऊन बघते. घाबरले आहे, हे तुझ्या बापाला सांगू नकोस.

तुझी,
कालिंदीआत्या

&nbsp;

लालबाग,
१६ सप्टेंबर २०२५

ती. आत्येस,
मनूचा शि. सा. न. वि. वि.

काल गाडी आली आणि रिकामी गेली.

सही कोंडीरामकाकांनी आदल्या संध्याकाळी केली. स्वतः वर आले. कागदावर अटी होत्या, की कुत्र्याने आरतीत भुंकू नये, जिन्यात बसू नये, पट्टी लावून गॅलरीत फिरू नये. मी अटी वाचल्या आणि म्हटलं, गाऱ्हाण्यात अट नव्हती काका, दुसरा कागद आणा. बाबा मला डोळ्यांनी गप्प करत होते. काका आईकडे बघून म्हणाले, ही पोरगी कुणावर गेलीय ते मला ठाऊक आहे, तिच्या आत्येनेच परवा वाडीत माझी इज्जत काढली. मग तिथेच उभ्या उभ्या अटींवर काट मारली. जाताना चेकर त्यांचा पाय हुंगत होता तर जागचे हलले नाहीत, त्याचं हुंगणं पुरं होईपर्यंत थांबले.

बाबांनी फ्रिजवरचा नंबर काढला. यावेळी त्यांनीच.

मॅडमचं पण लिहिते, कारण तू गोड नको म्हणालीस. पट्ट्यांत जे दिसतं त्यात दोघांचंही विसरणं थांबलेलं नाही. चेकरचं थोडं वाढलंय, तात्यांचंही. दोघं आधीपेक्षा जास्त झोपतात, कमी दचकतात, एवढंच निघालं. मी विचारलं मग प्रयोग फुकट गेला का? त्या म्हणाल्या, नाही, हेच लिहायचं असतं, जे निघालं ते. मला त्यांचा अभिमान वाटला, पण तोंडावर नाही म्हटलं. त्या अजूनही येतात, पट्टीशिवाय. सोलकढीला.

आता तुझ्या येण्याचं. आमच्या खोलीचा एक कायदा झालाय, मी केलाय, आणि मोडणाऱ्याला मी बाहेर काढते. परवा अभयला काढलं. जो येतो तो तात्यांच्या समोर वाकून विचारतो, ओळखलंत का, मी कोण सांगा बघू? तात्यांचं तोंड इतकंसं होतं, परीक्षेत माझं व्हायचं तसं. ते आपल्याला नको. त्यांनी कुणाला ओळखायची गरज नाही, आपण त्यांना ओळखतो ना, बस झालं. चेकरलाही कुणी नंबर विचारायचा नाही.

तुला पण हा कायदा लागू आहे. तू मुलगी असलीस तरी.

म्हणून असं कर. आलीस की दारात थांब. चेकर उंबऱ्यावर असेल, त्याला तुला हुंगू दे, घाई करू नकोस. त्याने वाट दिली की आत ये आणि सरळ तात्यांच्या शेजारी बस. नाव सांगू नकोस. तेलाची बाटली खिडकीत आहे, सकाळचं डोकं आईऐवजी तू चोळ. ते डोळे मिटून घेतील. त्यानंतर जे काय बोलतील ते तुला ऐकू येणार नाही, पण मी शेजारी बसून सगळं लिहून देईन, एक शब्द न गाळता.

ये लवकर. राग आणायचा असेल तर आण, पण राहायला ये.

तुझी,
मनू